मागं घेतो, पण खुशीनं न्हाय

खुनाच्या, दरोड्याच्या केसेसचे किस्से सांगणारे वकील पुष्कळ. ते किस्से ठरवून सांगितले जातात, त्यांच्याआधी घसा खाकरावा लागतो. तडजोडीच्या केसेसचे किस्से सांगायला मुद्दाम कुणी बसत नाही. ते आपोआप साठत जातात, स्वयंपाकघराच्या दाराआड पिशवीत पिशवी कोंबत जावी तसे. एक ओढायला जावं तर सगळ्या बाहेर येतात. बारामतीला कोर्टाच्या बार रूममध्ये लाइट गेली की आमचं हेच चालायचं. पंखा बंद, बाहेर टाइपरायटरची टकटक चालू, आणि कुणीतरी म्हणायचं, "ताई, ते कन्हेरीचं पाण्याचं प्रकरण सांगा की."

मग मी सांगायचे. मला आग्रह लागत नाही. ते प्रकरण मी जिंकले, आणि तेही एकही उलटतपासणी न घेता, हे मी सुरुवातीलाच सांगून टाकते. म्हणजे ऐकणाऱ्याला उगीच टेन्शन नको.

मी कऱ्हाटीची. वकिलीची सनद मिळाली तेव्हा गावच्या विहारात माझा सत्कार झाला. शाल मिळाली, फुलं मिळाली, भाषणं झाली. गावातल्या एका आबांनी सांगितलं, पोरी, आता मोठमोठ्या केसेस लढ, गावाचं नाव काढ. मी गंभीर चेहऱ्यानं मान डोलावली. थोड्याच दिवसांत माझी पहिली स्वतंत्र केस आली. काकडीत पाणी शिरलं होतं.

* * *

कन्हेरीचे किसनतात्या आणि रामभाऊ हे सख्खे चुलतभाऊ. दोघांच्या रानाच्या मधे एक बांध. रामभाऊंनी पाटाचं पाणी उसाला सोडलं होतं, ते कडेनं फुटलं आणि तात्यांच्या काढणीला आलेल्या काकडीत शिरलं. तात्या धावत आले. शब्दाला शब्द वाढला, दोघांच्याही हातात खोरं होतं, आणि पुढच्या मिनिटाला तात्या चिखलात आडवे होते. खांदा सुजला, कोपर फुटलं. रामभाऊंच्या खोऱ्याचा दांडा लागला की तात्या आपणहून घसरले, यावर कन्हेरीत आजही दोन मतं आहेत.

पोलिसांनी नोंद करून घेतली आणि सांगितलं, एवढ्याशा मारामारीला आम्ही हात घालत नाही, तुम्ही कोर्टात जा. तात्या तडक अण्णांकडे गेले. अण्णा म्हणजे इंदापूरचे ज्येष्ठ वकील. इंदापूर आणि बारामती, दोन्हीकडे त्यांची प्रॅक्टिस. एसटीनं यायचे, उन्हासाठी डोक्यावर नॅपकिन टाकायचे आणि कोर्टाच्या दारात तो काढून खिशात घालायचे. त्यांनी तात्यांची खाजगी फिर्याद दाखल केली.

आता आपल्याकडची रीत अशी, की भांडण एकाशी झालं तरी फिर्यादीत नाव घरादाराचं घालायचं. तात्यांनी रीत मोडली नाही. पहिले आरोपी रामभाऊ. दुसऱ्या त्यांच्या पत्नी पारूबाई. तिसरा त्यांचा मोठा जावई दिलीप, आणि चौथी धाकटी मुलगी मंगल. यातला दिलीप राहायला इंदापूर तालुक्यात वरकुट्याला, आणि भांडणाच्या वेळी तो तिथे स्वतःच्या डाळिंबावर औषध मारत होता. कोर्टाचं समन्स त्याच्या हातात पडलं तेव्हा तो आणणाऱ्या शिपायाला एवढंच म्हणाला, "भांडण झालंय हे तरी मला आदी कळवायचं हुतं."

* * *

चौघा आरोपींची वकील मी. पहिलं वर्ष नुसत्या तारखा पडत गेल्या. दोघे भाऊ एकाच एसटीनं बारामतीला यायचे, एक पुढच्या दारानं उतरायचा, एक मागच्या. बोलणं तर सोडाच, एकमेकांकडे बघायचेसुद्धा नाहीत. मला या केसची घाई नव्हती. अण्णांना त्याहून नव्हती.

मग एक दिवस मंगल माझ्या ऑफिसात आली. बारावी झालेली, उंच, हडकुळी पोरगी. मुलींच्या पोलीस भरतीचा तेव्हा नुकता जोर होता. ही रोज पहाटे पाटाच्या कडेच्या रस्त्यानं पळायची. सुरुवातीला लोक हसायचे, नंतर हसायचा कंटाळा आला म्हणून गप्प बसले. आता तिची निवड झाली होती. फक्त चारित्र्य पडताळणी बाकी होती, आणि फॉर्मात एक प्रश्न होता: तुमच्याविरुद्ध कोर्टात फौजदारी केस चालू आहे का?

ती बसायलाच तयार नव्हती. म्हणाली, "वकीलबाई, एवढं पळून पुढं आले, आन आता हितं अडकले."

मी तिला समजावलं की केसमध्ये दम नाही, तू नक्की सुटशील. तिनं विचारलं, कधी? केस लढवून सुटायला वर्षं गेली असती, आणि पुढच्या भरतीपर्यंत तिचं वय उलटून गेलं असतं. मार्ग एकच होता. पडताळणी होण्याआधी तात्यांनी फिर्याद मागे घ्यायची.

मी अण्णांच्या बारामतीच्या ऑफिसात गेले. त्यांनी हात वर केले. माझा अशील हट्टी आहे आणि तुमचा त्याहून हट्टी आहे, असं म्हणाले. तरी त्यांनी तात्यांना निरोप धाडला. तात्या सायकलवरून आले, सगळं ऐकून घेतलं, टोपी काढून परत घातली.

"मी मंगलीला कुटं आडवतोय? मागं घेतो."

इतकं सोपं! मी अण्णांकडे बघितलं, अण्णांनी माझ्याकडे. तात्या जिन्यापर्यंत गेले आणि तिथून वळून म्हणाले, "पन रामाला सांगा, त्याच्यासाटी न्हाय."

* * *

तडजोड म्हटली की जेवण आलं. पण जेवायचं कुणाकडे? तात्या रामभाऊंच्या उंबऱ्यात पाय ठेवणार नव्हते आणि रामभाऊ तात्यांच्या. शेवटी दिलीपनं वरकुट्याला आपल्या घरी दोघांना बोलावलं. आम्ही दोघं वकीलही गेलो, कारण अण्णांचं घर वाटेवर होतं आणि दिलीपच्या बायकोच्या हातच्या मटणाची ख्याती मी ऐकून होते.

दोघे भाऊ एकाच पंगतीत बसले. मधे दिलीप. सगळं बोलणं त्याच्यामार्फत चाललं. तात्या त्याला सांगायचे, ह्याला म्हणावं यापुढं पाणी धरताना बांधावर बसून राहा. रामभाऊ त्याला सांगायचे, त्याला म्हणावं तुज्या बाजूचा बांध तू खाल्लाय म्हनून फुटतो. दिलीप बिचारा दोन्हीकडे मान वळवून वळवून सांगत होता, आणि खरं तर दोघांनाही एकमेकांचं सगळं नीट ऐकू येत होतं. तरी तो सांगेपर्यंत कुणी उत्तर देत नव्हतं.

तासाभरात बांध दुरुस्त करायचं ठरलं, पाण्याची वेळ ठरली, फिर्याद मागे घ्यायची तारीख ठरली. मी मनात म्हटलं, झालं. तेवढ्यात तात्या घास थांबवून दिलीपला म्हणाले, "ह्याला म्हनावं, मीठ सरकीव."

रामभाऊ म्हणाले, "त्याला म्हनावं, मीठ तुज्याच म्होरं हाय."

दिलीपनं मीठ उचललं, तात्यांच्या ताटात वाढलं आणि म्हणाला, "मी आता जेवू का?"

* * *

तारखेला सगळे हजर. अण्णांनी पुरशिस लिहून आणली होती. पुरशिस म्हणजे कोर्टाला द्यायचं साधं निवेदन: आमच्यात तडजोड झाली आहे, मी ही फिर्याद स्वखुशीने मागे घेत आहे. खाली तात्यांची सही.

पण नुसत्या कागदावर भागत नाही. फिर्यादीवर कुणी दबाव तर आणला नाही ना, हे मॅजिस्ट्रेट साहेब स्वतः विचारून घेतात. आमचे साहेब कमी बोलणारे, चष्म्यावरून बघणारे. त्यांनी तात्यांना पिंजऱ्यात घेतलं, शपथ दिली आणि विचारलं, "तुम्ही ही फिर्याद स्वखुशीने मागे घेताय ना?"

तात्यांनी विचार केला. खरोखर विचार केला, ते दिसत होतं.

"मागं घेतो साहेब. पन खुशीनं न्हाय."

साहेबांनी पेन ठेवलं. कुणाचा दबाव आहे का, विचारलं. तात्यांना तो अपमान वाटला. माझ्यावर दबाव टाकणारा कन्हेरीत अजून जन्मायचाय, असं त्यांनी भर कोर्टात सांगितलं. साहेब म्हणाले, मग खुशी का नाही?

"काकडी ग्येली, खांदा ग्येला, आन वर खुशी कुटनं आनू? शपत घिऊन खोटं बोलायचं व्हय?"

साहेबांनी नीट विचार करून या असं सांगून पुढची तारीख दिली. मागच्या बाकावर मंगलनं डोळे मिटून घेतले. मला तात्यांचा राग आला, आणि खरं सांगायचं तर थोडं कौतुकही वाटलं, म्हणून आणखी राग आला.

बाहेर व्हरांड्यात अण्णांनी नॅपकिन काढला आणि या वेळी तो डोक्यावर न टाकता तोंडावर टाकला. आतून म्हणाले, "ताई, खोटं बोलणारे अशील मी आयुष्यभर सांभाळले. खरं बोलणारा पहिल्यांदाच आलाय. त्याचं काय करतात, मला माहीत नाही."

* * *

पुढच्या तारखेपर्यंत अण्णांनी तोडगा काढला. त्यांनी तात्यांना विचारलं, रामभाऊ सुटतो याची खुशी नको, पण मंगल नोकरीला लागेल याची तर खुशी आहे ना? तात्या म्हणाले, ती हाय. अण्णा म्हणाले, मग तीच सांगा, कोर्टाला कुठलीही चालते.

तात्या पिंजऱ्यात गेले. साहेबांनी विचारलं. तात्या म्हणाले, "व्हय, खुशीनं." माझा जीव भांड्यात पडला. अण्णांनी हळूच माझ्याकडे बघून भुवई उडवली.

साहेब सज्जन माणूस. ऑर्डर लिहायला घेण्यापूर्वी त्यांनी सहज म्हणून आरोपींकडे बघितलं आणि विचारलं, तुम्हाला काही सांगायचंय का? मी "नाही" म्हणायला तोंड उघडलं, तोवर रामभाऊ दोन पावलं पुढे गेले होते.

"एवडंच लिवून घ्या साहेब. मी मारलं न्हवतं. त्यो आपला आपन घसरला."

पिंजऱ्यातून तात्यांचा आवाज आला, आपला आपन? आणि आम्हाला काही कळायच्या आत त्यांनी सदऱ्याची बटणं काढली, खांदा उघडा केला आणि साहेबांकडे वळवला. पट्टेवाला धावला. साहेब म्हणाले, सदरा घाला. तात्यांनी सदरा घातला आणि खिशात टोपी कोंबत सांगितलं की फिर्याद मागे बिगे काही घेत नाही.

मी रामभाऊंना व्हरांड्यात गाठलं. पोरीची नोकरी डोळ्यांसमोर बुडतेय आणि तुम्हाला कसली हौस आली, असं मी त्यांना विचारलं. वडिलांच्या वयाच्या माणसावर मी तेव्हा ओरडले, आणि त्याचं मला आजही वाईट वाटत नाही. रामभाऊ खाली बघत होते. म्हणाले, "पोरगी पोलिसात जानार. तिचा बाप मारकुटा म्हनून कागुदात राहिलं तर?"



* * *

मंगल त्यानंतर माझ्याकडे आली नाही. पडताळणी कधीही होईल, एवढं तिच्या मैत्रिणीकडून कळलं. अण्णा दोनदा कन्हेरीला जाऊन आले, तात्या त्यांना भेटलेच नाहीत. मला करण्यासारखं काही उरलं नव्हतं, आणि वकिलाला याच्याइतकं वाईट काही नाही.

एका सकाळी मी बार रूममध्ये होते. तात्या सायकल भिंतीला टेकवून सरळ आत आले. तिथे अण्णा चहा पीत होते. तात्यांनी त्यांना विचारलं, तारीख कधी आहे?

अण्णांनी विचारलं, आता काय झालं?

तात्या म्हणाले, "पोरगी पळताना दिसंना सकाळची."

तात्या पहाटे पाण्यावर असायचे. इतके दिवस ती रोज त्यांच्या रानावरून पळत जायची, आणि कोर्टात तात्या उलटले त्या दिवसापासून तिनं पळायचं सोडलं होतं. तात्यांनी दुसरं काही सांगितलं नाही. अण्णांनी आपला अर्धा चहा बशीत ओतून त्यांच्यापुढे सरकवला आणि त्याच दिवशी तारीख अलीकडे घ्यायचा अर्ज दिला.

* * *

तिसऱ्या खेपेला मी पारूबाईंना एकच काम दिलं होतं. त्या रामभाऊंच्या शेजारी उभ्या राहिल्या आणि पदराखालून त्यांचं मनगट धरलं. रामभाऊंनी एकदा तोंड उघडलं, मनगटाला चिमटा बसताच लगेच मिटलं आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यापुढे ते शहाण्यासारखे वागले. साहेबांनीही या वेळी आरोपींकडे चुकूनसुद्धा बघितलं नाही.

तात्यांना मात्र त्यांनी सोडलं नाही. गेल्या वेळी नाही म्हणालात, आज हो म्हणताय, असं का? तात्यांनी मंगलकडे बोट दाखवलं. हिच्या नोकरीसाठी, म्हणाले. साहेबांनी कागद चाळले.

"ही आरोपी नंबर चार. हिनं तुम्हाला काय केलं होतं?"

"हिनं? हिनं वढनी फाडून माज्या कोपराला बांदली. धरून घरापत्तोर आनून सोडलं."

अण्णांच्या चेहऱ्यावरून मला कळलं की हे त्यांनाही नवीन होतं. साहेबांनी चष्मा काढला.

"मग आरोपींमध्ये हिचं नाव का घातलं?"

तात्यांना हा प्रश्न फारच अडाणी वाटला असावा. त्यांनी तो मायेनं समजावून सांगितला. "साहेब, घरातल्या समद्यांची नावं दिली. हिचं एकटीचं गाळलं असतं, तर घरचे म्हनले असते, ही तात्याला फितूर हाय. पोरीला घरात तरास नगं म्हनून घातलं."

आधी स्टेनो हसला, मग मागचे बाक, मग अण्णा. साहेब हसले नाहीत, पण चष्मा पुसायला त्यांना बराच वेळ लागला. मग त्यांनी सांगायला सुरुवात केली: फिर्याद मागे घेण्यास परवानगी, सर्व आरोपी निर्दोष मुक्त. मंगल तोंडावर दोन्ही हात धरून रडत होती. मला वाटलं होतं पहिल्या विजयाला मी रुबाबात उभी राहीन. माझा काळा कोट, माझा पांढरा बँड, आणि मी नाक ओढत उभी!

ऑर्डरची नक्कल त्याच संध्याकाळी हातात पडली. बाहेर आल्यावर रामभाऊंनी मला बाजूला घेतलं. म्हणाले, आता केस संपली ना? आता तरी सांगू का, की मी मारलं न्हवतं?

सांगा की, मी म्हटलं. पण त्यांना सांगता आलं नाही. पारूबाईंनी मनगट अजून सोडलं नव्हतं.

* * *

नेमणुकीचं पत्र आलं तेव्हा तात्या पेढे घेऊन कोर्टात आले. साहेबांच्या चेंबरपासून झेरॉक्सवाल्यापर्यंत सगळ्यांना वाटले. बार रूममध्ये इंदापूरचा एक नवीन अशील बसला होता, त्यानं पेढा घेऊन विचारलं, कशाबद्दल? पोरगी पोलीस झाली, तात्या म्हणाले. त्यानं विचारलं, तुम्ही मुलीचे कोण?

तात्या म्हणाले, "फिर्यादी."

* * *

ट्रेनिंग संपल्यावर मंगलच्या तुकडीचं संचलन होतं. तिनं मला आणि अण्णांना आग्रहानं बोलावलं होतं. रामभाऊ, पारूबाई आणि आम्ही दिलीपच्या जीपमधून गेलो. तात्यांना जीपमध्ये जागा होती, पण जीप रामभाऊंच्या जावयाची, म्हणून ते एसटीनं आले. मांडवात ते आमच्या मागच्या रांगेत, पार टोकाला बसले. धुतलेलं धोतर, कडक टोपी.

मैदानावर सगळ्या पोरी सारख्या. तीच टोपी, तोच पट्टा, तेच वळणारे हात. आमची कुठली ते कुणालाच ओळखू येईना. पारूबाई प्रत्येकीला मंगल समजून डोळे पुसत होत्या.

संचलन संपलं आणि बक्षिसं सुरू झाली. कुणाला नेमबाजीचं मिळालं, कुणाला कवायतीचं. मग माइकवरून आवाज आला: धावण्यात संपूर्ण तुकडीत पहिली, मंगल, गाव कन्हेरी, तालुका बारामती. आणि लगेच दुसरं वाक्य, मुलीच्या वडिलांनी मंचावर यावं.

रामभाऊ उठले. त्याच क्षणी आमच्या मागे खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. मी वळून बघितलं. तात्या उभे होते, टोपी सारखी करत होते, एक पाऊल पुढे टाकलेलं. मग त्यांनी इकडेतिकडे बघितलं. सगळा मांडव त्यांच्याकडे बघत होता. त्यांचा चेहरा उतरला, त्यांनी हातानं मागची खुर्ची चाचपली आणि ते हळूहळू खाली बसायला लागले.

रामभाऊ थांबले होते. त्यांनी मान वळवली आणि सरळ तात्यांच्या डोळ्यांत बघितलं.

"बसतुयास काय किसना? चल."